रेषेला लागणारा वेळ

सुपरमॅन पृथ्वीवर कसा आला हे सांगायला सिनेमाला अर्धा-पाऊण तास लागतो. २००५च्या अखेरीस आलेल्या 'ऑल-स्टार सुपरमॅन'च्या पहिल्या अंकाने ते एका पानात सांगितले. चार चौकटी, प्रत्येक चौकटीत दोन शब्द, सगळे मिळून आठ. विनाशाकडे निघालेला ग्रह, हतबल शास्त्रज्ञ आईबाप, अवकाशात झेपावलेले यान आणि वाकून पाहणारे शेतकरी नवराबायको. पान उलटले की दोन पानांवर पसरलेला सूर्य आणि त्याच्या ज्वाळांवरून उडणारा सुपरमॅन. जवळजवळ सत्तर वर्षे सांगून गुळगुळीत झालेली कथा वाचकाला पाठ आहे, हा विश्वास त्या पानामागे आहे. तो विश्वास ठेवायला धैर्य लागते आणि तो सार्थ करायला चित्रकार लागतो.

हे पान लिहिले ग्रँट मॉरिसनने आणि काढले फ्रँक क्वाइटलीने. दोघेही स्कॉटलंडमधल्या ग्लासगो शहराचे. त्या आठ शब्दांचे कौतुक पुष्कळ झाले, चित्रांचे त्यामानाने कमी. पण शब्द बोटाने झाकून पान पाहिले तर कथा कळते. चित्रे झाकली तर हाती राहतो तो तारेच्या मजकुरासारखा तुटक ऐवज. मग या पानाचा लेखक कोण?

या प्रश्नाचे उत्तर शोधायला क्वाइटलीच्या कारकिर्दीइतके चांगले साधन दुसरे नाही. तीस वर्षांहून अधिक काळ तो काम करतो आहे. या काळात त्याची वाखाणणी जितकी झाली तितकीच एक तक्रारही सतत झाली: हा माणूस फार सावकाश काढतो. त्याची चित्रे पाहणाऱ्याला या तक्रारीचा रोख चुकला आहे हे दिसल्याशिवाय राहत नाही. कॉमिक्समधला विचार पटकथेत पूर्ण झालेला नसतो. त्यातला मोठा हिस्सा कागदावर, पेन्सिलीच्या टोकाशी घडतो आणि त्याला वेळ लागतो. हा वेळ म्हणजेच लेखन आहे. अमेरिकन कॉमिक्सच्या धंद्याने मात्र तो नेहमी खोळंबा म्हणूनच मोजला.

क्वाइटलीचे खरे नाव व्हिन्सेंट डीगन. जन्म १९६८चा, ग्लासगोतला. सुरुवात झाली 'इलेक्ट्रिक सूप' नावाच्या स्थानिक, बंडखोर वळणाच्या विनोदी कॉमिकमधून. तिथे तो 'द ग्रीन्स' ही मालिका काढत असे. ती 'द ब्रून्स' या स्कॉटलंडमधल्या अतिशय लाडक्या चित्रमालिकेचे बेधडक विडंबन होती. घरच्यांच्या हाती ते पडले तर त्यांना वाईट वाटेल, म्हणून त्याने टोपणनाव घेतले. इंग्रजीतल्या 'क्वाइट फ्रँकली' या जोडीतले शब्द इकडचे तिकडे केले की 'फ्रँक क्वाइटली' होते. घरच्यांपासून लपायला घेतलेले हे नाव पुढे जगभरच्या कॉमिक्सच्या दुकानांत ओळखीचे झाले.

विडंबनासाठी 'द ब्रून्स'च का, हे समजायला डंडी शहराकडे वळावे लागते. तिथली डी. सी. थॉमसन ही प्रकाशनसंस्था म्हणजे ब्रिटिश मुलांच्या कॉमिक्सचे माहेरघर. 'द डँडी' १९३७मध्ये निघाले, 'द बीनो' १९३८मध्ये, आणि 'बीनो' आजही चालू आहे. त्याआधी ८ मार्च १९३६ रोजी 'संडे पोस्ट' या त्यांच्या साप्ताहिक वर्तमानपत्रात दोन चित्रमालिका सुरू झाल्या होत्या: अकरा माणसांच्या कुटुंबाची 'द ब्रून्स' आणि उपड्या बादलीवर बसणाऱ्या वांड पोराची 'ऊर वुली'. दोन्हींची भाषा घरगुती स्कॉट्स बोली, दोन्हींचा चित्रकार डडली वॉटकिन्स. तो मँचेस्टरजवळ जन्मलेला इंग्रज, पण स्कॉटिश घरातले स्वयंपाकघर, आजोबांची मिशी आणि रविवारची धांदल त्याच्याइतकी कुणी रेखाटली नाही. तेहतीस वर्षे तो दर आठवड्याला या मालिका काढत राहिला आणि १९६९मध्ये चित्रफलकासमोर बसलेला असतानाच त्याला मृत्यू आला.

थॉमसनच्या कारभाराची एक बाजू कठोर होती. १९२६च्या सार्वत्रिक संपानंतर त्यांनी कामगार संघटनेला थारा दिला नाही आणि चित्रकारांना सही करू न देण्याचा शिरस्ता वर्षानुवर्षे पाळला. पिढ्यान् पिढ्या मुलांनी ज्या रेषांवर जीव टाकला, त्या रेषा कुणाच्या हे त्यांना ठाऊकच नव्हते. वॉटकिन्स हा मोठा अपवाद. त्याला १९४६पासून सही करू दिली गेली, म्हणजे मालिका सुरू होऊन दहा वर्षे उलटल्यावर.

क्वाइटली या परंपरेतला आहे आणि त्याने तसे सांगितलेही आहे. विडंबन चांगले उतरायचे तर मूळ रेषा हातात बसावी लागते. 'द ग्रीन्स' काढताना त्याने वॉटकिन्सची सगळी शिस्त आत्मसात केली असावी, असे त्याची नंतरची पाने पाहताना सतत वाटते. डोक्यापासून बुटापर्यंत पूर्ण दिसणारी माणसे, रिकाम्या जागेचा निःशंक वापर, सावल्यांचा काळा गोळा न फासता केवळ बाह्यरेषेने दिलेले वजन, आणि चेहऱ्याआधी खांद्यांतून कळणारा स्वभाव. अमेरिकन सुपरहीरोंच्या जगात हे सगळे परके होते. तिथे स्नायू, सावल्या आणि किंकाळ्या फोडणारी तोंडे यांची चलती होती. ग्लासगोचा हा तरुण त्या जगात एका स्वयंपाकघराची दृष्टी घेऊन शिरला.

मधली वाट त्याच्या पिढीच्या बहुतेक ब्रिटिश चित्रकारांची असते तीच. १९७७मध्ये सुरू झालेल्या '२००० एडी' या साप्ताहिकाने आणि त्याच्या 'जज ड्रेड मेगझीन' या भावंडाने ब्रिटनमधल्या कित्येकांना घडवले. त्यांतल्या जज ड्रेड या पात्राचा जनक-लेखक जॉन वॅग्नर स्कॉटलंडमध्येच वाढला. क्वाइटलीने 'मेगझीन'मध्ये गॉर्डन रेनीची 'मिशनरी मॅन' आणि रॉबी मॉरिसनची 'शिमुरा' या मालिकांसाठी काम केले. तिथून त्याला अमेरिकेची दारे उघडली.

'फ्लेक्स मेंटॅलो' ही १९९६ची चार अंकांची मालिका ग्रँट मॉरिसनबरोबरचे त्याचे पहिले मोठे काम. गोळ्या घेतलेला एक गायक फोनवर कुणाशी तरी बोलत लहानपणीची कॉमिक्स आठवतो आहे, आणि त्या कॉमिक्समधला बिबळ्याच्या कातड्याची चड्डी घातलेला पैलवान खऱ्या जगात हिंडतो आहे, अशी ती गुंतागुंतीची गोष्ट. स्मृती, भास, जाहिरात, भीती हे सगळे थर एकाच पानावर. पटकथेत हे लिहिणे एक वेळ सोपे. खरे आणि कल्पित यांतली सीमा कुठे आहे हे एकही शब्द न खर्चता केवळ हावभाव आणि वस्तूंच्या पोतातून वाचकाला कळवायचे काम चित्रकाराचे होते. शरीरसौष्ठवाच्या टपाली शिकवण्या विकणाऱ्या चार्ल्स अॅटलस कंपनीने या पात्रावरून डीसी कॉमिक्सवर दावा लावला. विडंबनाचा हक्क मान्य करून न्यायालयाने २०००मध्ये निकाल डीसीच्या बाजूने दिला. तरीही मालिका पुस्तकरूपात यायला २०१२ साल उजाडले. सोळा वर्षे लोक जुन्या सुट्या अंकांवर तहान भागवत होते.

क्वाइटलीच्या चित्रांना 'कुरूप' म्हणणारे वाचक पहिल्यापासून आहेत. रुंद जबडे, जाड ओठ, डोळ्यांखालच्या सुरकुत्या, गुडघ्यावर जमणाऱ्या कापडाच्या चुण्या. सुपरहीरो कॉमिक्समधल्या बायका ज्या साच्यातून काढल्या जातात तो साचाही त्याने पाळला नाही. या आक्षेपाचा नीट विचार व्हायला हवा, कारण त्यातच त्याच्या कामाचे मर्म आहे. बहुतेक सुपरहीरोंच्या अंगावर कपडा म्हणजे रंगाचा थर असतो. क्वाइटलीच्या माणसांनी कपडे घातलेले असतात. त्यांना वजन असते, ती खुर्चीत बसली की खुर्ची दबते. ज्या शरीरावर विश्वास बसतो त्याच शरीराला झालेली इजा लागते. 'द ऑथॉरिटी' या मालिकेत लेखक मार्क मिलरबरोबर त्याने काढलेल्या हिंसक प्रसंगांत प्रकाशकांनी जागोजागी बदल करायला लावले. तशीच रक्ताची चित्रे इतरत्र सर्रास छापली जात होती. त्याच्या रेषेतली हिंसा सजावट वाटत नव्हती, म्हणून ती सोसवली नाही, असा निष्कर्ष काढायला जागा आहे.

२००१मध्ये मॉरिसन आणि क्वाइटली यांनी मार्व्हलची 'न्यू एक्स-मेन' हाती घेतली. या मालिकेने नकळत एक प्रयोगच करून ठेवला आहे. मासिक अंकाची साधारण बावीस पाने, म्हणजे चित्रकाराला दिवसाला जवळजवळ एक पान, हा अमेरिकन धंद्याचा हिशेब. क्वाइटलीला तो जमला नाही. मॉरिसनच्या चाळीसेक अंकांपैकी त्याच्या वाट्याचे अंक साधारण पाव भरतील. उरलेले बऱ्याच चित्रकारांत वाटले गेले. लेखक तोच, पात्रे तीच, कथानक सलग, फक्त चित्रकार बदलत गेला. सगळे अंक एका बैठकीत वाचले की लेखकाचा आवाजच मधूनमधून बदलल्यासारखा वाटतो. क्वाइटलीच्या अंकांत शांतता आहे, दूरवर पाहणारी नजर आहे, प्राध्यापक झेविअरच्या शाळेतली मुले खरोखर अवघडलेली किशोरवयीन मुले आहेत. इतर काही अंकांत त्याच संवादांना घाई झालेली दिसते.

इगोर कॉर्डे या चित्रकाराला काही अंक फारच थोड्या दिवसांत पुरे करून द्यावे लागले आणि वाचकांचे शिव्याशापही त्यालाच खावे लागले. तो कसलेला चित्रकार आहे. वेळापत्रकाची चूक त्याच्या माथी मारली गेली, आणि हा अन्याय क्वाइटलीच्या सावकाशपणाइतकाच त्या कारखानदारीचा होता. एका चित्रकाराला उशीर झाला म्हणून दुसऱ्याला वेठीला धरायचे आणि दोघांनाही बदनाम करायचे, यात संपादकांचे मात्र काही बिघडले नाही.

याच मालिकेचा १२१वा अंक मुद्दाम काढून पाहावा. मार्व्हलने त्या महिन्यात आपले अंक संवादाविना काढायचे ठरवले होते. जीन ग्रे आणि एमा फ्रॉस्ट या दोघी झेविअरच्या मनात उतरतात आणि तिथे दडलेले भयंकर सत्य त्यांना सापडते, एवढी कथा. संपूर्ण अंकात बोलणे नाही. तरीही दोघींचे एकमेकींशी न पटणे, भीती, उलगडा सगळे पोचते. शब्द काढून घेतल्यावरही जो माणूस गोष्ट सांगू शकतो, त्याला लेखक म्हणायचे नाही तर कुणाला?

मग आले 'वी-थ्री'. २००४-०५मधले तीनच अंक. अमेरिकी सैन्याच्या गुप्त प्रकल्पात कुत्रा, मांजर आणि ससा यांना यंत्रकवचात बसवून मारेकरी बनवले आहे. ते पळतात आणि घर शोधतात. प्रत्येक अंकाच्या मुखपृष्ठावर हरवलेल्या पाळीव प्राण्याची जाहिरात आहे. म्हणजे ही जनावरे एके काळी कुणाच्या तरी घरची होती. हे आत कुणी भाषण करून सांगत नाही, मुखपृष्ठ पाहिल्यावर काळजाला चटका बसतो तो बसतोच.

त्यांच्या पलायनाचा प्रसंग क्वाइटलीने सुरक्षा कॅमेऱ्यांच्या पडद्यांसारखा मांडला: पानामागून पान, प्रत्येकावर अठरा चिमुकल्या चौकटी. वाचक पहारेकऱ्याच्या खुर्चीत बसतो आणि काहीतरी चुकते आहे हे त्याला हळूहळू उमगते. दुसरीकडे मांजर सैनिकांवर झेप घेते तेव्हा चौकटी कागदावर सपाट राहतच नाहीत. त्या काचेच्या तावदानांसारख्या अवकाशात तिरप्या उभ्या राहतात आणि मांजर त्यांच्या मधून घुसत जाते. आणखी एका ठिकाणी मोठ्या चित्रावर डझनावारी इवल्या चौकटी विखुरल्या आहेत. प्रत्येकीत क्षणाचा एक तुकडा: गोळी, डोळा, तुटलेला पट्टा. जनावराला काळ माणसापेक्षा वेगळा जाणवत असेल, आपल्या एका क्षणात त्याचे दहा क्षण सामावत असतील, ही कल्पना इथे दिसते. ती शब्दांत सांगायला परिच्छेद लागला, कागदावर ती पापणी लवायच्या आत कळते. अशी मांडणी एका बैठकीत सुचत नाही आणि सुचली तरी एका दिवसात काढून होत नाही.

'वी-थ्री' आणि 'ऑल-स्टार सुपरमॅन' या दोन्ही कामांत ग्लासगोचाच जेमी ग्रँट त्याच्याबरोबर होता. क्वाइटली पेन्सिलीने नेटकी चित्रे काढी, ग्रँट त्यांवर संगणकावर शाई आणि रंग चढवी. पेन्सिलीवर दुसऱ्या कुणी ब्रशने गिरवायचे ही जुनी पायरीच गळली, त्यामुळे मूळ रेषेचा थरथरता बारीकपणा छपाईपर्यंत टिकला. रंगकर्मीचे नाव चित्रकाराहूनही मागे पडते. म्हणून इथे ते मुद्दाम घ्यायला हवे.

'ऑल-स्टार सुपरमॅन'चे बारा अंक पुरे व्हायला जवळजवळ तीन वर्षे लागली. अंक मासिक निघाले असते तर वर्षभरात संपले असते. दुकानदार चिडले, वाचक ताटकळले. पण हा वेळ कशावर खर्ची पडतो हे पहिल्या अंकाच्या मुखपृष्ठावरच दिसते. सुपरमॅन ढगाच्या काठावर निवांत बसला आहे, खांद्यावरून मागे वळून पाहतो आहे, चेहऱ्यावर हलके हसू. छाती पुढे काढलेली नाही, मुठी आवळलेल्या नाहीत. मॉरिसनने सांगितलेली हकिगत अशी, की सॅन डिएगोच्या कॉमिक्स मेळाव्यात सुपरमॅनच्या वेषातला एक माणूस असाच ऐसपैस बसून गप्पा मारत होता आणि त्यावरून सुचले: ज्याला काहीच इजा करू शकत नाही, त्याला ताठ उभे राहण्याची गरज काय? कल्पना लेखकाची खरी. पण ती संवादात सांगता येत नाही. 'मला कसलीच भीती नाही' असे सुपरमॅन म्हणाला की तो लगेच बढाईखोर होतो. ती मणक्याच्या बाकातूनच दाखवावी लागते, आणि तो बाक क्वाइटलीचा आहे.

क्लार्क केंट या सुपरमॅनच्या चारचौघांतल्या रूपाचेही तसेच. निव्वळ चष्म्याने सुपरमॅन ओळखू येत नाही, या जुन्या थट्टेला त्याने चोख उत्तर दिले. त्याचा क्लार्क खांदे पाडून, पोट सैल सोडून, ढगळ कोटात वावरतो आणि जागा असते त्याहून जास्त अडवतो. रस्त्यात तो एका माणसावर धडपडून आदळतो. गबाळेपणाच वाटतो तो, पण नीट पाहिले तर त्या धक्क्याने तो माणूस वरून पडणाऱ्या वस्तूखालून बाजूला झालेला असतो. ख्रिस्तोफर रीव्हने १९७८च्या चित्रपटात देहबोलीने हा फरक साधला होता, पण त्याच्याकडे जिवंत शरीर होते. क्वाइटलीने ते स्थिर रेषेत करून दाखवले, एकाच चेहऱ्याचा आणि एकाच बांध्याचा माणूस दोनदा काढून.

दहाव्या अंकातले एक पान लोकांनी सर्वांत जास्त जपले. उंच इमारतीच्या कठड्यावर जीव द्यायला उभी असलेली एक मुलगी. सुपरमॅन मागून येतो, खांद्यावर हात ठेवतो, दोन धीराचे शब्द बोलतो आणि तिला मिठीत घेतो. बस इतकेच. या पानाने आपल्याला अवघड काळात आधार दिला, असे कितीतरी वाचकांनी पुढे सांगितले. तिथे तिला उचलून हवेत नेण्याचा देखावा नाही. हाताचे वजन आहे, तिचे कोसळून रडणे आहे. हेच पान दुसऱ्या कुणी घाईत काढले असते तर ते भाबडे झाले असते. या मालिकेला प्रतिष्ठेचे आयझनर पुरस्कार एकाहून अधिक वेळा मिळाले, २०११मध्ये तिच्यावर अॅनिमेशनपट निघाला आणि २०२५च्या 'सुपरमॅन' चित्रपटाचा दिग्दर्शक जेम्स गन याने आपल्या प्रेरणास्थानांत तिचे नाव घेतले. दोन वर्षांचा उशीर आज कुणाला आठवतो?

इथे एक आक्षेप येतो आणि तो वजनदार आहे. चित्रकार जॅक कर्बी दिवसाला कित्येक पाने काढत असे आणि त्यानेच मार्व्हलचे निम्मे विश्व उभे केले. वॉटकिन्सला तर आठवडा चुकवण्याची मुभाच नव्हती. वेग आणि थोरवी एकत्र नांदू शकतात. मग क्वाइटलीच्या संथपणाचे कौतुक कशासाठी? कौतुक संथपणाचे नाहीच. वॉटकिन्सचे घर ठरलेले, माणसे ठरलेली, बादली ठरलेली होती. त्या बांधलेल्या जगात तो दर आठवड्याला नवा विनोद रचत होता आणि सरावाने हात पळत होता. कर्बीची ताकद उसळत्या हालचालीत होती, तिला वेग मानवत होता. क्वाइटली दर पुस्तकात पान वाचण्याची रीतच नव्याने बसवतो. 'बॅटमॅन अँड रॉबिन'च्या २००९मधल्या पहिल्या तीन अंकांत त्याने आवाजाचे शब्दसुद्धा चित्रात विरघळवले: स्फोटाचा आवाज ज्वाळांच्या आकारात, पाण्याचा आवाज उडालेल्या पाण्यात. हे तीन जण तीन प्रकारचा विचार करणारे होते. धंद्याने मात्र सर्वांना एकच कालमापन लावले आणि जो त्यात बसला नाही त्याला बेशिस्त ठरवले.

'पॅक्स अमेरिकाना' हा २०१४चा सुटा अंक या विचाराचा कळस आहे. 'वॉचमेन' या अॅलन मूर आणि डेव्ह गिबन्सच्या ग्रंथाची पात्रे ज्या जुन्या चार्ल्टन कॉमिक्सच्या नायकांवरून बेतली होती, त्याच मूळ नायकांना घेऊन मॉरिसन आणि क्वाइटलीने 'वॉचमेन'ला उत्तर रचले. राष्ट्राध्यक्षाच्या हत्येपासून गोष्ट मागे मागे जाते. त्यातल्या एका जोडपानावर एकच घर आहे आणि चौकटीचौकटीत काळ वेगळा: खुनाआधीची माणसे, खून, आणि नंतर त्याच खोल्यांतून फिरणारा तपास करणारा. डोळा डावीकडून उजवीकडे गेला तर एक गोष्ट, जिन्याबरोबर वर गेला तर दुसरी. असे पान एका वाचनात संपत नाही. सिनेमाला हे जमणार नाही, कादंबरीलाही नाही. हे फक्त कॉमिक्सला जमते, आणि तेही चित्रकार लेखक असेल तरच.

तरी श्रेयनामावलीचा कल लेखकाकडेच. १९८०च्या दशकात लेखकांच्या नावावर पुस्तके खपू लागल्यापासून पुस्तकाच्या कण्यावर त्यांचे नाव आधी येते आणि परीक्षणात तर बहुधा एकटेच. हा अन्याय नवा नाही. सुपरमॅनचा पहिला चित्रकार जो शूस्टर आणि लेखक जेरी सीगल यांनी १९३८मध्ये त्या पात्राचे हक्क १३० डॉलरला देऊन टाकले आणि दोघेही पुढे हलाखीत जगले. मार्व्हलमध्ये त्रोटक कथासूत्रावरून चित्रकाराने अख्खा अंक रचायचा आणि संवाद मागाहून भरायचे अशी पद्धत होती, तरी लोकांच्या तोंडी नाव राहिले लेखक स्टॅन लीचे. कर्बीच्या वारसांशी कंपनीने २०१४मध्ये तडजोड केली तेव्हा त्याला जाऊन वीस वर्षे झाली होती.

मराठी वाचकालाही ही सवय आहे. इंद्रजाल कॉमिक्समधला वेताळ मराठीत वाचून दोन पिढ्या वाढल्या. त्यातल्या चोखंदळ वाचकांना लेखक ली फॉकचे नाव ठाऊक असते. कवटीचे सिंहासन आणि डेंकालीचे जंगल ज्याच्या रेषेने डोळ्यांत बसले, तो साय बॅरी मात्र फार थोड्यांना माहीत आहे. १९६१पासून १९९४पर्यंत त्याने वेताळ काढला.

क्वाइटलीच्या वाट्याला त्या मानाने चांगले दिवस आले. मार्क मिलरबरोबरच्या 'ज्युपिटर्स लेगसी'वरून २०२१मध्ये नेटफ्लिक्सने मालिका काढली. ती एका हंगामात बंद पडली, पण मूळ पुस्तकावर दोघांचीही नावे ठळक आहेत. २०१७मध्ये ग्लासगोच्या केल्व्हिनग्रोव्ह या भव्य कलासंग्रहालयात त्याच्या चित्रांचे मोठे प्रदर्शन भरले. ज्या शहरात १८२५मध्ये 'ग्लासगो लुकिंग ग्लास' हे जगातल्या आद्य चित्रपत्रांपैकी एक निघाले, त्या शहराने कॉमिक्सच्या चित्रकाराला मोठ्या चित्रकारांच्या पंगतीला बसवायला जवळजवळ दोनशे वर्षे घेतली.

ज्यांनी त्याचे काहीच पाहिलेले नाही त्यांनी 'वी-थ्री'पासून सुरुवात करावी. पुस्तक लहान आहे, संवाद अगदी मोजके आहेत, इंग्रजी जेमतेम येत असले तरी अडत नाही. पहिल्या वेळी शब्दांकडे दुर्लक्ष करून फक्त पाने पाहावीत आणि दुसऱ्या वेळी वाचावीत. कुत्र्या-मांजराची गोष्ट म्हणून लहान मुलांच्या हाती मात्र देऊ नये. त्यातला रक्तपात खरा वाटतो.